रेडमी नोट ४ वर कस्टम रिकव्हरी: फ्लॅश एका मिनिटाचा, तयारी आठवड्याची

प्रश्न खानापूर तालुक्यातून आलाय. थोडक्यात असा: घरात एक रेडमी नोट ४ आहे, ३ जीबी रॅम आणि ३२ जीबी स्टोरेजचा. वडिलांनी नवा फोन घेतला, त्यामुळे हा पडून आहे. क्रोम अपडेट घेत नाही, फोन अडकत-अडकत चालतो. टीडब्ल्यूआरपी (बाहेरची, म्हणजे कस्टम रिकव्हरी) टाकून नवी रॉम (फोनची अख्खी सिस्टिम) घालायची इच्छा आहे. घरी कॉम्प्युटर नाही. फोनवरूनच जमेल का, फोटो जातील का, नंतर फोनपे चालेल का? आणि बेळगावात एकाने ‘सॉफ्टवेअर मारून देतो, तासाभरात घेऊन जा’ म्हणून सांगितलंय, ते करून घ्यावं का?

आधी सरळ उत्तरं देतो. कॉम्प्युटरशिवाय होणार नाही, निदान पहिल्या टप्प्याला तरी विंडोजवाला कॉम्प्युटर लागतोच. फोटो जाणार, असं धरूनच चाला. फोनपेची हमी मी देत नाही, आणि देणाऱ्यावर विश्वास ठेवू नका. तासाभरात होतं का, ते पुढे येईलच.

एक गोष्ट तुमच्या बाजूची आहे, ती म्हणजे फोन पडून आहे. हेच आईच्या हातातला, रोजच्या वापरातला फोन असता तर मी ‘हात लावू नका’ म्हटलं असतं. कर्नाटकच्या गृहलक्ष्मी योजनेचे २००० जमा झाल्याचा मेसेज ज्या नंबरवर येतो, आधारचा ओटीपी ज्या नंबरवर येतो, सोसायटीत ऊसबिल जमा झालं की नाही ते ज्या फोनवर बघितलं जातं, तो फोन आठवडाभर आजारी पडला तर घरात भांडण होतं. प्रयोगाचा फोन वेगळा आणि व्यवहाराचा वेगळा, एवढं पाळा.

दुसरं, फोन खरंच सॉफ्टवेअरमुळे मंद आहे का ते बघा. हा फोन भारतात जानेवारी २०१७ मध्ये आला. तेव्हा घेतलेला असेल तर बॅटरी, चार्जिंगचं पोर्ट आणि आतली स्टोरेज चिप, तिन्ही थकलेल्या असतात. ३२ जीबीपैकी शेवटचा एकच जीबी शिल्लक असेल तर कुठलाही फोन अडकतो. आधी व्हॉट्सॲपचे गुड मॉर्निंगवाले फोटो आणि लग्नाचे व्हिडिओ काढून टाका, एकदा सेटिंगमधून फॅक्टरी रीसेट करा आणि दोन दिवस वापरून बघा. रीसेट केलेला, रिकामा फोनही साधा कॅमेरा उघडताना पाच-सात सेकंद घेत असेल किंवा फाइल कॉपी करताना मध्येच गप्प होत असेल, तर चिपच गेलेली आहे. तिथे रॉम बदलून काही हाती लागत नाही. मागचं झाकण फुगल्यासारखं दिसत असेल किंवा स्क्रीन कडेने उचलली असेल तर बॅटरी फुगलीय. आधी ती बदला, बाकी सगळं नंतर.

पण तुमची क्रोमची तक्रार मात्र खरी आहे आणि ती रीसेटने सुटणार नाही. शाओमीने या फोनला अँड्रॉइड ७ पर्यंतच आणलं. एमआययूआय ११ (शाओमीचं अँड्रॉइडवर चढवलेलं स्वतःचं रूप) दिसत असलं तरी आतला अँड्रॉइड ७, म्हणजे नोगटच आहे, आणि क्रोमने २०२३ च्या अखेरीस नोगटला नवी आवृत्ती देणं बंद केलं. हळूहळू बाकीची ॲपही त्याच वाटेने जातात. म्हणजे चिप ठीक असेल तर नवी रॉम घालण्याला कारण आहे, आणि रॉम घालायला रिकव्हरी लागते.

रिकव्हरी म्हणजे फोनमधलाच एक वेगळा, छोटा कप्पा. अँड्रॉइड चालू न करताही तो आपला आपण चालू होतो. कंपनीच्या रिकव्हरीला दोनच कामं येतात: डेटा पुसणं आणि कंपनीची सही असलेलं अपडेट बसवणं. दुसऱ्या कुणाची झिप दिली की ती नकार देते. टीडब्ल्यूआरपी ती सही मागत नाही, सगळ्या कप्प्यांचा बॅकअप घेते, फाइल इकडून तिकडे हलवू देते, आणि बोटाने चालते. त्याआधी क्लॉकवर्कमॉड नावाची रिकव्हरी होती, व्हॉल्यूमच्या बटणांनी वर-खाली करत बसायचं; ती मागे पडली. शाओमीच्या फोनांसाठी ऑरेंजफॉक्स नावाची एक आहे, तीही टीडब्ल्यूआरपीवरच बेतलेली. पहिल्यांदा करताय तर साधी टीडब्ल्यूआरपीच घ्या, कारण अडलात तर तिच्याबद्दल सांगणारे जास्त भेटतील.

आता तुमचं मॉडेल. भारतात विकलेल्या रेडमी नोट ४ मध्ये स्नॅपड्रॅगन ६२५ आहे आणि त्याचं आतलं नाव ‘मिडो’. त्याच नावाचा फोन चीनमध्ये मीडियाटेकच्या चिपवरही निघाला होता, त्याचं आतलं नाव ‘निकेल’. दोघांच्या फाइली एकमेकांना चालत नाहीत. म्हणून फाइल उतरवताना ‘रेडमी नोट ४’ हे नाव बघू नका, ‘मिडो’ हा शब्द बघा. नोट ४ आणि नोट ५ प्रो यांतही असाच गोंधळ होतो आणि तो महागात पडतो. नोट ५ प्रोमध्ये जुन्या आवृत्तीवर परत जाण्याला अडवणारी सोय आहे. तिच्याकडे दुर्लक्ष करून जुनं सॉफ्टवेअर मारलं की फोन कायमचा बसतो. तुमच्या मिडोला ती भानगड नाही.

खरं काम इथून सुरू होतं, बूटलोडर अनलॉकपासून. बूटलोडर म्हणजे फोन चालू होताना आधी चालणारा छोटा प्रोग्रॅम; तो बंद (लॉक) असताना फोन बाहेरची रिकव्हरी लिहूनच घेत नाही. सेटिंगमध्ये फोनबद्दलच्या पानावर एमआययूआय आवृत्तीवर सात वेळा टिचकी मारा, डेव्हलपर ऑप्शन्स उघडतात. ते ॲडिशनल सेटिंग्जमध्ये सापडतील. तिथे ओईएम अनलॉकिंग आणि यूएसबी डीबगिंग चालू करा. मग एमआय अनलॉक स्टेटसमध्ये जाऊन तुमचं एमआय खातं फोनशी जोडा. जोडताना वायफाय बंद पाहिजे, फोनमध्ये सिम पाहिजे आणि मोबाइल डेटा चालू पाहिजे. तुम्ही जांबोटी-कणकुंबीच्या बाजूला असाल तर हे घरात बसून करू नका. डोंगराच्या आडोशाला एक दांडी रेंज असते, अर्ध्यात तुटते, आणि फोन कारण न सांगता ‘जोडता आलं नाही’ एवढंच म्हणतो. खानापूरला बाजाराला याल तेव्हा स्टँडवर उभं राहून करा, अर्ध्या मिनिटाचं काम आहे.

नंतर कॉम्प्युटरवर शाओमीचं एमआय अनलॉक टूल. ते फक्त विंडोजवर चालतं, म्हणून सुरुवातीलाच कॉम्प्युटरचं सांगितलं. फोन बंद करून व्हॉल्यूम डाउन आणि पॉवर एकत्र दाबून धरा. टोपी घातलेला ससा अँड्रॉइडचा रोबो दुरुस्त करत बसलेला दिसेल. हा फास्टबूट मोड, यात फोन कॉम्प्युटरवरून आज्ञा घेतो. केबल लावा, टूलमध्ये त्याच खात्याने लॉगिन करा, अनलॉक दाबा. पहिल्यांदा ते बहुधा थांबायला सांगेल: ७२ तास, १६८ तास, खात्यानुसार कधी त्याहून जास्त. थांबायचं. या मुदतीत खातं काढून परत जोडू नका, घड्याळ पुन्हा पहिल्यापासून सुरू होतं. पैसे घेऊन ही मुदत चुकवून देतो म्हणणारे आहेत. ते तुमचं खातं आणि पासवर्ड मागतात, देऊ नका.

मुदत संपली की पुन्हा तेच करायचं, आणि या वेळी फोन पुसला जातो. म्हणून फोटो, नंबर, व्हॉट्सॲपचा बॅकअप हे सगळं त्याआधीच बाहेर काढा. मेमरी कार्ड आणि सिम काढून बाजूला ठेवा. गूगलचं खातंही सेटिंगमधून काढून टाका, नाहीतर पुसल्यावर जुन्या खात्याचा पासवर्ड मागतो, आणि वडिलांना तो आठवत नसतो, हे मी दर आठवड्याला बघतो. अनलॉक झालंय का ते नुसत्या खुणेवर सोडू नका. फास्टबूटमध्ये असताना कॉम्प्युटरवर ‘फास्टबूट ओईएम डिव्हाइस-इन्फो’ ही आज्ञा द्या (त्याची साधनं कुठे मिळतात ते पुढे येतंय). ‘डिव्हाइस अनलॉक्ड’ समोर ‘ट्रू’ आलं पाहिजे. (आज्ञा इथे देवनागरीत लिहितोय, टाइप करताना इंग्रजी लहान अक्षरांत करायच्या.)

मुदत संपेपर्यंत केबल आणि पोर्टचं बघून घ्या, कारण ‘फोन दिसत नाही’ म्हणून येणाऱ्यांपैकी बहुतेकांचं सॉफ्टवेअर नीटच असतं. या फोनला जुनं मायक्रो यूएसबी पोर्ट आहे. तुमच्याकडच्या पावसात खिशात, मोटरसायकलच्या डिकीत राहिलेल्या फोनचं पोर्ट टॉर्च लावून बघा: मधल्या जिभेवरच्या पाच रेषांपैकी कडेच्या दोन हिरवट दिसतात. चार्जिंग त्याच कडेच्या रेषांवरून होतं, त्यामुळे चार्ज हळू का होईना होत राहतो. पण मधल्या रेषांवर थर बसला की डेटा जात नाही. आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि मऊ ब्रशने साफ करा, सुई घालू नका, जीभ मोडते. निपाणीकडचे फोन आले की तंबाखूची बारीक धूळ निघते, तिचंही तेच. केबल डेटाची आहे याची खात्री करा. बाजारातल्या स्वस्त केबलीत नुसत्या चार्जिंगच्याच तारा असतात. कॉम्प्युटरला निळ्या तोंडाचं यूएसबी ३ चं पोर्ट असेल तर ते सोडून काळं, जुनं पोर्ट घ्या. नव्या पोर्टांवर, विशेषतः एएमडीच्या रायझन प्रोसेसरच्या मशिनांवर, फास्टबूट मध्येच तुटतं. जुनं पोर्ट नसेल तर एक साधा यूएसबी २ चा हब मध्ये लावला तरी चालतं. आणि शक्यतो लॅपटॉप घ्या. आपल्याकडे पावसाळ्यात करंट कधी जाईल सांगता येत नाही, आणि डेस्कटॉप नेमका लिहिताना बंद पडला की अर्धवट लिहिलेला कप्पा उरतो. फोनची बॅटरी निम्म्याच्या वर असू द्या.

फास्टबूट आणि एडीबीची साधनं गूगलच्या अँड्रॉइड डेव्हलपर साइटवर प्लॅटफॉर्म टूल्स नावाने मिळतात. झिप सोडवून सी ड्राइव्हवर सरळ एका फोल्डरमध्ये ठेवा, नावात जागा नको. रिकव्हरीची फाइल टीडब्ल्यूआरपीच्या स्वतःच्या साइटवरून, मिडोच्या पानावरून. व्हिडिओखालच्या लिंकवरून नाही. त्या लिंका तीन जाहिरातींतून फिरवतात आणि शेवटी कधीकधी रिकव्हरीच्या आयएमजी फाइलीऐवजी कुठलं तरी ॲप उतरतं. उतरवलेल्या फाइलचा शा-२५६ आकडा (फाइलचा ठसाच म्हणा) विंडोजच्या सर्टयुटिल या आज्ञेने काढून साइटवरच्या आकड्याशी ताडा. पहिली आणि शेवटची सहा-सहा अक्षरं जुळली की पुरे, सगळी चौसष्ट वाचत बसू नका. अर्धवट उतरलेली फाइल लगेच कळते, आणि आपल्या इंटरनेटवर ती बऱ्याचदा अर्धवटच उतरते.

आता फ्लॅश, म्हणजे रिकव्हरी फोनमध्ये लिहिणं. फोन फास्टबूटमध्ये, केबल लावलेली. ‘फास्टबूट डिव्हायसेस’ लिहा. एक लांबलचक नंबर आणि पुढे फास्टबूट हा शब्द दिसला की जोडलाय. काहीच न दिसता पुढची ओळ आली तर डिव्हाइस मॅनेजर उघडा. तिथे पिवळा त्रिकोण असेल तर ड्रायव्हर नाही, आणि काहीच नसेल तर केबल किंवा पोर्ट.

इथे लगेच लिहायची घाई करू नका. आधी ‘फास्टबूट बूट’ आणि पुढे फाइलचं नाव, एवढंच द्या. याने रिकव्हरी फोनमध्ये लिहिली जात नाही, नुसती रॅममध्ये चालू होते. टीडब्ल्यूआरपीचा पडदा आला, बोट लावल्यावर हलला, आत स्टोरेजचे आकडे नीट दिसले, तर फाइल तुमच्या फोनची आहे. नाही आला तर पॉवर दाबून धरा, फोन होता तसा परत चालू होतो, काही बिघडलेलं नसतं. व्हिडिओवाले हा टप्पा गाळतात, का ते मला कधी कळलं नाही. चुकीच्या फाइलपासून इतका स्वस्त बचाव दुसरा नाही.

ठीक वाटलं की फास्टबूटमध्ये परत येऊन ‘फास्टबूट फ्लॅश रिकव्हरी’ आणि फाइलचं नाव. दोन ओळी येतात, पाठवलं आणि लिहिलं, दोन्हींपुढे ओके. झालं. मिनिटही लागत नाही.

आणि नेमकं याच्या पुढच्या दहा सेकंदांत बहुतेकांचं काम वाया जातं. ओके दिसलं की लोक खुशीत ‘फास्टबूट रीबूट’ देतात. फोन एमआययूआयमध्ये चालू होतो, सगळं छान दिसतं, आणि नंतर रिकव्हरीत जायला बघावं तर पुन्हा शाओमीचीच. मग फाइल खराब, केबल खराब, फोन खराब असा शोध सुरू होतो. कारण साधं आहे: कंपनीच्या सिस्टिममध्ये एक स्क्रिप्ट असते, ती चालू होताना रिकव्हरीचा कप्पा तपासते आणि तिथे परकं काही दिसलं की मूळ रिकव्हरी परत लिहून टाकते. म्हणून ओके आल्यावर रीबूटची आज्ञा द्यायची नाही. केबल काढा, व्हॉल्यूम अप आणि पॉवर दाबून धरा, एमआयचा लोगो आला की पॉवर सोडा, व्हॉल्यूम अप तसंच धरून ठेवा. सरळ टीडब्ल्यूआरपीत पोचला पाहिजे. चुकून एमआययूआय चालू झालंच तर काही जळलं नाही, फास्टबूटमध्ये जाऊन पुन्हा लिहा.

पहिल्यांदा आत गेल्यावर ती विचारते: सिस्टिममध्ये बदल करू द्यायचा, की नुसतं वाचायचं? तुम्ही रॉम बदलणारच आहात, तेव्हा बाण सरकवून परवानगी दिली तरी चालेल. पण एखाद्याला एमआययूआयच ठेवायचं असेल आणि रिकव्हरी नुसती बॅकअपसाठी हवी असेल, त्याने ‘रीड ओन्ली’च निवडावं. कारण सिस्टिमच्या कप्प्यात एक बिटही बदललं की डीएम-व्हेरिटी नावाची तपासणी फोन लोगोवरच अडवून ठेवते. मॅजिस्क (फोन रूट करायचं साधन) बसवणाऱ्यांची गोष्ट वेगळी, ते बूटचा कप्पाच बदलतात.

बॅकअपबद्दल जरा थांबतो, कारण इथे गैरसमज फार. रॉमची आणि गूगल ॲपची झिप भरून ठेवलेलं मेमरी कार्ड घाला. या फोनमध्ये दुसऱ्या सिमची जागा आणि कार्डाची जागा एकच आहे, म्हणून एक सिम बाहेर राहील. बॅकअपमध्ये जाऊन ठिकाण मेमरी कार्ड निवडा आणि बूट, सिस्टिम, डेटा यांच्याबरोबर ईएफएसवर नक्की खूण करा. डेटाच्या बॅकअपमध्ये ॲप आणि सेटिंग येतात, फोटो आणि व्हिडिओ येत नाहीत. आतल्या स्टोरेजचा तो भाग टीडब्ल्यूआरपी मुद्दाम सोडते. ‘सगळा बॅकअप घेतला होता, फोटो कुठे गेले’ असं म्हणत येणाऱ्यांना हे आधी कुणी सांगितलेलं नसतं. बॅकअपआधी स्क्रीन लॉक काढून टाका, नाहीतर परत टाकलेला बॅकअप कधीकधी तुमचाच पिन ओळखत नाही.

ईएफएस का? फोनचा आयएमईआय (ओळख-क्रमांक) आणि नेटवर्कची जुळणी त्यात असते. रॉम घालताना तो कप्पा बिघडला की फोन चालू राहतो, पण सिम घालूनही रेंज येत नाही, आणि स्टार हॅश शून्य सहा हॅश दाबल्यावर आयएमईआयच्या जागी शून्य किंवा रिकामी जागा. तुमच्याच फोनचा ईएफएस बॅकअप असेल तर दोन मिनिटांत परत टाकता येतो. नसेल तर मग लोक ‘आयएमईआय लिहून द्या’ म्हणत दुकानं फिरतात. ते करून घेऊ नका. २०२३ च्या दूरसंचार कायद्यात अशा ओळख-क्रमांकात फेरफार करण्याला तीन वर्षांपर्यंत कैद, ५० लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही अशी शिक्षा आहे. कुणी म्हणेल मी माझाच नंबर परत लिहितोय; पण दुकानात बसून तुमचा कुठला आणि परका कुठला हे कोण ठरवणार? ईएफएसची एक प्रत कार्डावर, एक कॉम्प्युटरवर आणि एक तुमच्या ड्राइव्हमध्ये ठेवा, फाइल अगदी लहान असते. जुना फोन विकत घेऊन हे करणाऱ्यांनी आधी संचार साथी या सरकारी पोर्टलवर आयएमईआय तपासून बघावा; चोरीचा निघाला तर रॉम घालूनही त्याला नेटवर्क मिळत नाही, आणि वर चौकशी.

आता पुसणं. वाइपमध्ये ॲडव्हान्स्ड उघडून डाल्विक, सिस्टिम, डेटा, कॅश यांवर खूण करा. मायक्रो एसडीवर चुकूनही करू नका, तुमची रॉम आणि बॅकअप तिथेच आहेत. कधीकधी आतलं स्टोरेज शून्य एमबी दिसतं किंवा फोल्डरांची नावं नुसती अक्षरांची खिचडी दिसतात. फोन बिघडलेला नसतो, एमआययूआयने डेटा कुलूपबंद केलेला असतो आणि रिकव्हरीला ते कुलूप उघडत नसतं. त्यासाठी वेगळं ‘फॉरमॅट डेटा’ आहे; ते ‘यस’ असं टाइप करायला लावतं आणि आतलं सगळं पुसतं. मग रिकव्हरी पुन्हा चालू करा, आकडे नीट येतील. सिस्टिम पुसल्यावर रीबूट दाबलंत तर ती विचारेल, आत ओएसच नाही, नक्की का? घाबरू नका, पण रॉम घातल्याशिवाय बाहेर पडूही नका.

मग कार्डावरची रॉमची झिप बसवा, आणि तिच्या लगेच मागे गूगल ॲपची झिप, मध्ये फोन चालू न करता. गूगलची झिप चौसष्ट बिटवाली, रॉमच्या अँड्रॉइड आवृत्तीचीच, आणि सगळ्यात लहान मिळेल ती. मोठी घेतलीत की ‘एरर ७०’ येतो, म्हणजे सिस्टिमच्या कप्प्यात जागा नाही. रॉमवरच ‘एरर ७’ आला तर वरच्या दोन ओळी वाचा. रॉम ‘मिडो’ मागतेय आणि फोन दुसरं नाव सांगतोय, किंवा ती याहून नवं फर्मवेअर (मोडेम वगैरे भागांचं आतलं सॉफ्टवेअर) मागतेय, यांतलं एक लिहिलेलं असतं. झिप उघडून ती तपासणीची ओळ खोडून टाका असं सांगणारे भरपूर आहेत. नाव जुळत नसताना ती ओळ खोडून रॉम मारली तर फोन बसलाच म्हणून समजा. फर्मवेअर मागत असेल तर मिडोचंच फर्मवेअर आधी मारायचं, मग रॉम. पहिल्यांदा चालू व्हायला पाच-दहा मिनिटं लागतात, तेवढ्यात घाबरून पॉवर दाबू नका.

चालू झाल्यावर भाषेची यादी बघा. अँड्रॉइड ५ पासून मराठी आणि कन्नड दोन्ही मुळातच आहेत, त्यामुळे वडिलांना मेनू मराठीत आणि शाळेतल्या पोराला कन्नड कीबोर्ड असं एकाच फोनवर चालतं. बऱ्याच जणांना वाटतं बाहेरची रॉम म्हणजे नुसती इंग्रजी, तसं नाही.

उलटं जायचं असेल, म्हणजे परत एमआययूआय हवं असेल, तर शाओमीची फास्टबूट रॉम आणि एमआय फ्लॅश टूल. या टूलच्या तळाशी तीन पर्याय असतात आणि ‘क्लीन ऑल अँड लॉक’ हा आधीच निवडलेला असतो. तो बदलून ‘क्लीन ऑल’ करा. टीडब्ल्यूआरपी किंवा बाहेरची रॉम आत असताना बूटलोडर पुन्हा बंद करणं ही या सगळ्या कामातली सगळ्यात वाईट चूक. फोन चालू होत नाही, फास्टबूट काही लिहून घेत नाही, आणि मग झाकण उघडून बोर्डावरचे दोन बिंदू जोडावे लागतात. दुकानात येणाऱ्या ‘मेलेल्या’ शाओमी फोनांत हे कारण वारंवार दिसतं.

पैशांची ॲप. उघडलेला बूटलोडर ॲपला कळतो. गूगलची प्ले इंटिग्रिटी नावाची तपासणी तेच सांगते. काही बँकांची ॲप उघडतच नाहीत, काही आज चालतात आणि पुढच्या अपडेटला बंद पडतात. लपवाछपवीचे मॉड्यूल असतात, चालतातही, पण दर दोन महिन्यांनी नवा उपाय शोधत बसावं लागतं. या फोनवर बँक ठेवूच नका. गाणी, बातम्या, पोरांचा अभ्यास, शेतातला जोडफोन, यासाठी तो अजून दोन-तीन वर्षं काढेल.

दुसरा फोन असलेल्यांसाठी थोडं. सॅमसंगच्या जुन्या जे मालिकेत फास्टबूट नाही. तिथे डाउनलोड मोड आणि कॉम्प्युटरवर ओडिन नावाचा प्रोग्रॅम. ओडिनमध्ये ऑटो रीबूटची खूण काढायची, कारण तेच, मूळ रिकव्हरी परत येते. आणि नॉक्स या सॅमसंगच्या सुरक्षा-व्यवस्थेचा आकडा एकदा बदलला की कंपनीचं सॉफ्टवेअर परत टाकूनही तो परत फिरत नाही, सिक्युअर फोल्डर कायमचं जातं. मोटोरोलाच्या बऱ्याच फोनांना कंपनीच्याच साइटवरून अनलॉक कोड ईमेलने येतो, मला तो रस्ता सगळ्यात सभ्य वाटतो. व्हिवो आणि ओप्पोच्या बहुतेक मॉडेलांना अधिकृत अनलॉकच नाही. त्यांच्या नावाने फिरणाऱ्या व्हिडिओंवर वेळ घालवू नका. एमआय ए१ सारख्या फोनांत रिकव्हरीचा वेगळा कप्पाच नसतो, ती बूटमध्येच राहते, तिथे वरची पद्धत जशीच्या तशी चालत नाही.

आणि तो बेळगावचा दुकानदार. तुमचा बूटलोडर आधीच उघडलेला असेल तर तासाभराचं काम आहे, तो खोटं बोलत नाही. बंद असेल तर मुदतीचं तो काय करणार ते विचारा. तुमच्यासमोर ईएफएसचा बॅकअप घेऊन कार्डावर देणार का, तेही विचारा. ‘ते काय असतं’ म्हणाला तर फोन घेऊन घरी जा. खातं त्याचं नको, तुमचं वापरायला सांगा, नाहीतर पुढे कधी खात्याच्या कुलपात फोन अडकला की त्याच्याच मागे फिरावं लागेल. कॉम्प्युटरसाठी दुकानच लागतं असंही नाही. गावात कुणाकडे तरी लॅपटॉप असतोच, अनलॉकला दहा मिनिटं आणि बाकीला एक संध्याकाळ पुरते.

अडलात तर पडद्याचा फोटो काढा आणि लाल अक्षरांतली ओळ जशीच्या तशी लिहून पाठवा, सोबत फाइलचं पूर्ण नाव. नुसतं ‘होत नाही’ लिहिलंत तर मलाही काही सांगता येणार नाही.